दोषाचा भार वाहणाऱ्या स्त्रिया : ललिता पवार यांच्या प्रदीर्घ अभिनयकारकिर्दीचे पुनर्वाचन

प्रस्तावना

भारतीय चित्रपटाच्या इतिहासात काही कलावंतांची नावे विशेषनामे न राहता सामान्यनामे झाली आहेत. ललिता पवार (१९१६–१९९८) यांचे नाव त्यांपैकी एक होय. घरातील कठोर, टोचून बोलणाऱ्या सासूला 'ललिता पवार' म्हणण्याची रीत महाराष्ट्रात आणि हिंदी भाषक प्रदेशात दीर्घकाळ रूढ आहे. एखाद्या अभिनेत्रीच्या प्रभावाची याहून मोठी पावती क्वचितच मिळते. तथापि याच पावतीने त्यांच्या अभिनयाचा अभ्यास खुंटवला, असेही म्हणावे लागते. 'खाष्ट सासू' हे बिरुद एकदा लावले की पुढे पाहण्यासारखे काही उरत नाही, असा समज दृढ झाला.

मूकपटाच्या अखेरच्या पर्वापासून दूरदर्शनवरील पौराणिक मालिकेपर्यंत त्यांची कारकीर्द पसरली आहे. त्यांच्या चित्रपटांची संख्या सातशेहून अधिक असल्याचे सर्वसाधारणपणे सांगितले जाते. एवढ्या विस्तृत कार्याचा समग्र आढावा प्रस्तुत लेखात अभिप्रेत नाही. निवडक भूमिकांच्या आधारे एक मुद्दा मांडणे हा येथील हेतू आहे. ललिता पवार यांच्या महत्त्वाच्या अनेक भूमिका अशा स्त्रियांच्या आहेत, की ज्यांच्या माथी कथेने, इतिहासाने वा पुराणाने पुरुषांच्या निर्णयांचा दोष ठेवला आहे. या अभिनेत्रीने तो दोष नाकारला नाही. मात्र दोषी स्त्रीच्या मनातील कारण प्रेक्षकाला दिसेल, अशा रीतीने तो वाहिला. 'खलनायिका' ही संज्ञा त्यांच्या बाबतीत अपुरी ठरते ती यामुळेच.

येवला, पुणे आणि मूकपटाची शाळा

ललिता पवार यांचा जन्म नाशिक जिल्ह्यातील येवला येथे १८ एप्रिल १९१६ रोजी झाला. अंबा हे त्यांचे मूळ नाव. नाशिक जिल्ह्याचा आणि भारतीय चित्रपटाचा संबंध आरंभापासूनचा आहे. दादासाहेब फाळके यांचा जन्म त्र्यंबकेश्वरचा (१८७०) आणि मृत्यू नाशिकचा (१९४४). त्यांच्या 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या चित्रपटात तारामतीची भूमिका साळुंके या पुरुष नटाने केली होती, कारण त्या कामासाठी स्त्री मिळाली नव्हती. त्याच वर्षीच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले या मायलेकी पडद्यावर आल्या खऱ्या. परंतु घरंदाज स्त्रीने चित्रपटात काम करणे समाजाला त्यानंतरही दीर्घकाळ मानवले नाही. अशा वातावरणात, 'राजा हरिश्चंद्र'नंतर अवघ्या पंधराएक वर्षांत, येवल्यात जन्मलेली एक मुलगी पुण्यात नानासाहेब सरपोतदार यांच्या आर्यन फिल्म कंपनीत बालवयातच दाखल झाली.

मूकपटातील हे शिक्षण पुढील विवेचनाच्या दृष्टीने महत्त्वाचे आहे. मूकपटात नटाला शब्दाचा आधार नसतो. राग, भीती, लोभ, ममता हे सारे डोळे, मान, हात आणि चाल यांतून स्पष्ट करावे लागते. त्या काळातील बहुतांश भारतीय चित्रपट नष्ट झाल्यामुळे त्यांच्या आरंभीच्या कामाचे प्रत्यक्ष परीक्षण आज शक्य नाही. तरीही उत्तरकालीन भूमिकांत संवाद सुरू होण्यापूर्वीच पात्राचा हेतू देहातून कळतो. या वैशिष्ट्याचे मूळ मूकपटाच्या शिस्तीत असावे, असे अनुमान काढता येते.

दुसरी लक्षणीय गोष्ट म्हणजे त्या केवळ अभिनेत्री नव्हत्या. 'कैलाश' (१९३२) या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा सहभाग होता. टॉलस्टॉय यांच्या 'पुनरुत्थान' या कादंबरीवर आधारित 'दुनिया क्या है' (१९३८) या बोलपटाची निर्मितीही त्यांनी केली. 'हिम्मत-ए-मर्दा' (१९३५) सारख्या चित्रपटांत त्या साहसी नायिका होत्या आणि गाणीही स्वतः गात. मास्टर विनायक दिग्दर्शित व वि. स. खांडेकर लिखित 'अमृत' (१९४१) मध्येही त्यांची प्रमुख भूमिका होती. थोडक्यात, १९४० च्या सुमारास त्या निर्मितीचा व्यवहार जाणणाऱ्या, गाणाऱ्या आणि पंचविशीतच अनुभवी झालेल्या व्यावसायिक कलावंत होत्या.

अपघात आणि त्याची आख्यायिका

१९४२ च्या सुमारास 'जंग-ए-आझादी' या चित्रपटाच्या चित्रीकरणात एका प्रसंगात सहकलाकार भगवान यांनी मारलेली चपराक प्रमाणाबाहेर जोराची लागली. त्यातून चेहऱ्याला पक्षाघात झाला, दीर्घ उपचार करावे लागले आणि डाव्या डोळ्यात कायमचा दोष राहिला. ही घटना ललिता पवार यांच्यावरील बहुतेक लेखनात येते आणि तिचा निष्कर्षही ठरलेला असतो : नायिकेचे सौंदर्य गेले म्हणून खलनायिका जन्माला आली.

हा निष्कर्ष दोन कारणांनी तपासून पाहणे आवश्यक आहे. पहिले कारण कालक्रमाचे. प्रभात फिल्म कंपनीच्या 'रामशास्त्री' (१९४४) या चित्रपटात त्या आनंदीबाईच्या भूमिकेत दिसतात. म्हणजे अपघातानंतर दोनेक वर्षांच्या आतच एका प्रतिष्ठित संस्थेने त्यांना अत्यंत जबाबदारीची भूमिका दिली. दुसरे कारण कलाविषयक आहे. शारीरिक दोषामुळे पात्राला भीतिदायक रूप येऊ शकते, अर्थ येत नाही. बारीक झालेला डावा डोळा अनेक चित्रपटांत कपटाची खूण म्हणून वापरला गेला हे खरे. परंतु तोच डोळा 'अनाडी'मधील मिसेस डिसाच्या चेहऱ्यावर मिश्कील आणि मायाळू वाटतो. खूण एकच आणि अर्थ दोन, तेव्हा अर्थ डोळ्यात नसून अभिनयात आहे, हे उघड आहे. अपघाताने त्यांचे चेहऱ्याचे एक साधन हिरावले. उरलेली साधने म्हणजे आवाजाची धार, पदर खोचण्याची लकब, तुरुतुरु चाल आणि हातांचे तुटक हावभाव. ती अधिक कसाला लावणे हा त्यांचा स्वतःचा व्यावसायिक निर्णय होता. अपघाताच्या आख्यायिकेत हा निर्णयच झाकोळून जातो.

आनंदीबाई : दोषाचे पहिले ओझे

३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा वध झाला. मराठी जनमानसात या घटनेचे स्मरण प्रामुख्याने एका वाक्प्रचारात उरले आहे : 'ध चा मा करणे'. 'धरावे'चे 'मारावे' आनंदीबाईने केले, ही आख्यायिका इतकी प्रबळ ठरली की सत्तेची अभिलाषा धरणारा रघुनाथराव आणि शस्त्र चालवणारे गारदी लोकस्मृतीत दुय्यम झाले.

'रामशास्त्री' या चित्रपटाचा गाभा न्यायाधीशाने सत्ताधीशाला दोषी ठरवण्यात आहे. गजानन जागीरदार यांचा रामशास्त्री निर्भय आणि संयत आहे. त्याच्यासमोर आनंदीबाई केवळ कारस्थानी उभी राहिली असती, तर चित्रपट सुष्ट-दुष्टांच्या ठोकळेबाज संघर्षात अडकला असता. ललिता पवार यांच्या आनंदीबाईत मात्र महत्त्वाकांक्षेच्या जोडीला एक अस्वस्थता आहे. पतीची दुर्बलता तिला ठाऊक आहे आणि स्वतःला अधिकार नाही हेही ठाऊक आहे. अधिकार नसलेल्या बुद्धिमान व्यक्तीला आडमार्गाने सत्ता चालवावी लागते, हे सूत्र या भूमिकेत दिसते. पुढील चार दशकांतील त्यांच्या अनेक भूमिका याच सूत्राचे घरगुती रूप आहेत. त्यामुळे त्यांच्या खलभूमिकांची परंपरा स्वयंपाकघरातून नव्हे, तर राजवाड्यातून सुरू होते, ही बाब नोंदवण्याजोगी आहे.

सासू : सत्ता आणि असुरक्षितता

व्ही. शांताराम यांच्या 'दहेज' (१९५०) या चित्रपटाने ललिता पवार यांची सासू सर्वदूर पोहोचवली. या चित्रपटाच्या वेळी त्यांचे वय चौतीस होते. हुंडा प्रतिबंधक कायदा १९६१ साली झाला. त्याच्या अकरा वर्षे आधी हा चित्रपट आला होता. त्याचा सामाजिक हेतू निर्विवाद आहे. परंतु हेतू प्रामाणिक असूनही कथनाची रीत अशी आहे की हुंड्याची प्रथा एका स्त्रीच्या दुष्ट स्वभावात एकवटते. हुंड्याचा लाभ संपूर्ण सासरला मिळतो, शिव्याशाप मात्र सासूच्या वाट्याला येतात.

या मर्यादेत राहून अभिनेत्री काय करते? 'दहेज'मधील सासू हुंड्याविषयी बोलते तेव्हा तिच्या स्वरात लोभाइतकाच मानापमान असतो. सुनेने काय आणले, यावर भावकीतील आपली किंमत ठरणार आहे, ही तिची खरी धास्ती. घर हेच ज्या स्त्रीचे एकमेव राज्य आहे, तिला नवी सून ही वारसदार नसून प्रतिस्पर्धी वाटते. हे संवादांत लिहिलेले नाही. वस्तूंवर फिरणाऱ्या नजरेतून आणि किल्ल्यांवरून न हटणाऱ्या हातातून ते कळते.

बिमल रॉय यांच्या 'सुजाता' (१९५९) मधील बुआजी ही या मालिकेतील सर्वांत सूक्ष्म भूमिका म्हणता येईल. ब्राह्मण कुटुंबात वाढणाऱ्या अस्पृश्य मुलीला ही सनातनी वृद्धा विरोध करते. ती कपटी नाही. आपल्या माणसांवर तिचे प्रेम आहे, देवधर्मावर श्रद्धा आहे. तिचे क्रौर्य हे तिच्या दृष्टीने पुण्यकर्म आहे, आणि म्हणूनच ते अधिक अस्वस्थ करते. नाशिकचा काळाराम मंदिर सत्याग्रह १९३० मध्ये सुरू झाला आणि १९३५ साली येवल्यातच डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी धर्मांतराची घोषणा केली. त्याच येवल्यात जन्मलेल्या अभिनेत्रीने सोवळेपणाच्या मानसिकतेचे हे चित्र पडद्यावर आणावे, हा योगायोग असला तरी अर्थपूर्ण आहे. सुजाताचे सोसणे नूतन यांनी विलक्षण ताकदीने दाखवले. परंतु ते कोणामुळे सोसावे लागते, हे बुआजीच्या निरागस निर्दयतेतून समजते. या चित्रपटाच्या वेळी त्या त्रेचाळीस वर्षांच्या होत्या, आणि अवघ्या तेरा वर्षांनी लहान असलेल्या सुनील दत्त यांच्या आजीच्या पिढीचे पात्र त्या साकारत होत्या.

गुरुदत्त यांच्या 'मिस्टर अँड मिसेस ५५' (१९५५) मधील सीतादेवी याच्या अगदी उलट टोकाला आहे. ती आधुनिक, शिक्षित, स्त्रीहक्कांसाठी चळवळ करणारी आणि घटस्फोटाच्या कायद्याची समर्थक आहे. हिंदू विवाह कायदा त्याच वर्षी झाला. चित्रपट तिची टिंगल करतो. स्त्रीस्वातंत्र्य म्हणजे पुरुषद्वेष, अशी त्याची मांडणी आहे. म्हणजे जुनी सासू जुनी म्हणून दोषी आणि नवी आत्या नवी म्हणून दोषी. दोन्ही ठिकाणी दोष वाहायला एकच अभिनेत्री निवडली जाते, यावरून हिंदी चित्रपटाला अधिकार गाजवणाऱ्या स्त्रीविषयी वाटणारी भीती स्पष्ट होते.

गंगामाई आणि दोन डिसा

ललिता पवार यांच्या कारकिर्दीचा दुसरा प्रवाह ममतेचा आहे. तो पहिल्यापासून वेगळा नसून त्याच साधनांनी उभा केलेला आहे, हे येथे प्रतिपादन करावयाचे आहे. राज कपूर यांच्या 'श्री ४२०' (१९५५) मधील गंगामाई फुटपाथवर केळी विकते. केळ्यांच्या भावावरून नायकाशी होणारी तिची घासाघीस वरकरणी भांडणासारखी आहे. आवाज चढलेला, हातवारे तुटक, नजर तीक्ष्ण. सासूच्या भूमिकेतील सारी सामग्री येथे हजर आहे. तरीही प्रेक्षकाला मायाच दिसते. कारण येथील कठोरपणा सत्तेतून नव्हे, दारिद्र्यातून आला आहे. पै-पैचा हिशेब ठेवणाऱ्या या बाईचे मन हिशेबी नाही.

'अनाडी' (१९५९) या हृषिकेश मुखर्जी दिग्दर्शित चित्रपटातील मिसेस डिसा या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार लाभला. १९६१ साली संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा गौरव केला. ख्रिस्ती घरमालकीण आणि निष्पाप भाडेकरू यांच्या नात्यात रागावणे हीच प्रेमाची भाषा आहे. औषध कंपनीच्या सदोष औषधाने तिचा मृत्यू होतो, तेव्हा नायकाच्या नैतिक कसोटीला आरंभ होतो. संपूर्ण कथेचा तोल या मृत्यूवर उभा आहे. मिसेस डिसा जिवंत असताना घर भरून टाकत नसती, तर तिचे जाणे एवढे मोठे वाटले नसते.

त्याच दिग्दर्शकाने बारा वर्षांनी 'आनंद' (१९७१) मध्ये त्यांना रुग्णालयातील शिस्तप्रिय मेट्रनची भूमिका दिली आणि आडनावही पुन्हा डिसा ठेवले. भूमिका लहान आहे. नियमांवर बोट ठेवणारी ही स्त्री मरणासन्न रुग्णाच्या हसण्यापुढे हळूहळू हरते. प्रेक्षक हसू लागतो आणि नेमक्या त्याच वेळी त्याचा कंठ दाटतो.

लीला चिटणीस, दुर्गा खोटे आणि सुलोचना या समकालीन मराठी अभिनेत्रींनी हिंदी चित्रपटाला आई दिली. ती आई बहुधा सोशिक, पवित्र किंवा राजस असते. ललिता पवार यांची आई वा मावशी तशी नसते. ती प्रथम भांडते. मराठी घरांतील रागीट परंतु लेकरांसाठी जीव टाकणारी वृद्धा हिंदी पडद्यावर आली ती त्यांच्या रूपाने.

विनोदातील करुणा

'जंगली' (१९६१) मध्ये हसण्यावरच बंदी घालणारी श्रीमंत माता आणि 'प्रोफेसर' (१९६२) मध्ये कडक पालक असलेली प्रौढा या भूमिकांत त्यांनी आपल्या प्रतिमेचीच थट्टा होऊ दिली. 'प्रोफेसर'मधील प्रौढा वृद्धाचे सोंग घेतलेल्या तरुण शिक्षकाच्या प्रेमात पडते. लेखनात हा प्रसंग निव्वळ हास्यासाठी आहे. मात्र आयुष्यभर शिस्तीत कोंडलेल्या बाईच्या चेहऱ्यावर उमटणारी लाज इतकी खरी आहे की तिला हसताना प्रेक्षकाला किंचित अपराधी वाटते. कठोरपणा हा तिच्या एकाकीपणाचा पोशाख होता, हे त्या क्षणी कळते.

मंथरा : छोटा पडदा, मोठे स्मरण

रामानंद सागर यांची 'रामायण' ही मालिका २५ जानेवारी १९८७ पासून जुलै १९८८ पर्यंत दूरदर्शनवर प्रसारित झाली. तीत ललिता पवार यांनी मंथरेची भूमिका केली. त्या वेळी त्यांनी सत्तरी ओलांडली होती. मालिकेच्या एकूण विस्ताराच्या मानाने मंथरेचा वावर थोडा आहे. तरीही चार पिढ्यांपैकी शेवटच्या पिढीला ललिता पवार ठाऊक आहेत त्या मुख्यतः या भूमिकेमुळे. मार्च २०२० मधील टाळेबंदीत मालिकेचे पुनःप्रसारण झाले, तेव्हा त्यांच्या मृत्यूनंतर बावीस वर्षांनी आणखी एका पिढीने ही मंथरा पाहिली.

नाशिककरांसाठी मंथरेला वेगळा संदर्भ आहे. पंचवटीच्या माहात्म्याचे मूळ रामाच्या वनवासात, आणि त्या वनवासाची ठिणगी पडते ती मंथरेच्या कानमंत्राने. दशरथाने वर दिले, कैकेयीने ते मागितले. परंतु लोकमानसाने दोष ठेवला तो दासीवर. आनंदीबाईच्या बाबतीत घडले तेच येथे घडते. शब्द फिरवणारी स्त्री दोषी आणि निर्णय घेणारा पुरुष अगतिक.

ललिता पवार यांची मंथरा लोभी नाही, कारण तिला स्वतःसाठी काहीच मिळवायचे नाही. तिची कैकेयीवरील निष्ठा आंधळी आहे. पद्मा खन्ना यांच्या कैकेयीशी बोलताना ती आधी मायेने जवळ घेते, मग भीती घालते आणि शेवटी रुसते. हे क्रमशः रचलेले आर्जव पाहताना आनंदीबाईची अस्वस्थता, सासूची धास्ती आणि मिसेस डिसाचे हक्काने रागावणे या साऱ्यांचे पडसाद ऐकू येतात. छोट्या पडद्यावर चेहरा जवळून दिसतो. आणि चार दशकांपूर्वी जखमी झालेला तोच चेहरा येथे सर्वाधिक काळ जवळून पाहिला गेला, हेही लक्षात घेण्यासारखे आहे.

मर्यादा

वरील विवेचनावरून त्यांची प्रत्येक भूमिका अर्थगर्भ होती, असा निष्कर्ष काढणे योग्य ठरणार नाही. मोठ्या संख्येचा अपरिहार्य भाग म्हणजे पुनरावृत्ती. सत्तरच्या दशकापासून अनेक चित्रपटांनी त्यांची प्रतिमा तयार मालासारखी वापरली. 'सौ दिन सास के' (१९८०) या चित्रपटाच्या शीर्षकापासूनच सासूची प्रतिमा हे भांडवल आहे. अशा ठिकाणी कारण दिसत नाही, केवळ खूण दिसते. शिवाय दुष्ट सासूची प्रतिमा रुजवण्यात या भूमिकांचा वाटा होता, आणि त्या प्रतिमेने कौटुंबिक हिंसेकडे 'बायकाबायकांचे भांडण' म्हणून पाहण्याची सवय बळकट केली, हा आक्षेपही टाळता येत नाही. मात्र हा दोष लेखन, दिग्दर्शन आणि प्रेक्षकांची मागणी यांच्याकडे आधी जातो. तो केवळ अभिनेत्रीच्या माथी मारणे म्हणजे पडद्यावरील अन्यायाची प्रत्यक्षात पुनरावृत्ती करणे होय.

समारोप

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुणे येथे ललिता पवार यांचे निधन झाले. अपघाताने घडलेली खलनायिका, ही त्यांची प्रचलित ओळख वस्तुस्थितीला धरून नाही. अपघातापूर्वी त्या अनुभवी कलावंत व निर्मात्या होत्या. अपघातानंतर लवकरच त्यांनी आनंदीबाईसारखी भूमिका पेलली. आणि कठोरपणाची तीच साधने त्यांनी सत्ता, दारिद्र्य, श्रद्धा, एकाकीपणा व माया यांच्या चित्रणासाठी वेगवेगळ्या रीतीने योजली. आनंदीबाईपासून मंथरेपर्यंत ज्या स्त्रियांना समाजाने एका शब्दात निकाली काढले, त्यांची बाजू घेण्याची मुभा पटकथांनी त्यांना दिली नव्हती. त्या स्त्रिया असे का वागल्या असतील, एवढा प्रश्न मात्र त्यांनी प्रेक्षकाच्या मनात निर्माण केला. मराठी चित्रपटसमीक्षेने नायक-नायिकांइतकेच गांभीर्याने चरित्रभूमिकांकडे पाहिले, तर या प्रश्नाचे मोल अधिक स्पष्ट होईल. येवला ही जन्मभूमी असलेल्या या अभिनेत्रीच्या कार्याचा साक्षेपी अभ्यास नाशिक जिल्ह्यातील अभ्यासकांनी हाती घेणे त्यादृष्टीने उचित ठरेल.